नंदीबैलाची मान आणि हान्सचा खूर

पाठीवर रंगीत झूल, शिंगांना गोंडे, गळ्यात घुंगरांची माळ आणि सोबत ‘गुबुगुबू’ असा घुमणारा ढोलकाचा नाद. नंदीबैल दारात उभा राहिला की पूर्वी घरातली लहानथोर सारी मंडळी अंगणात जमत. पाऊस वेळेवर येईल का, मुलगी यंदा उजवेल का, परगावी गेलेला मुलगा खुशाल आहे का, असे प्रश्न विचारले जात आणि नंदी मान हलवून होकार वा नकार देई. मग सुपातले पसाभर धान्य नंदीवाल्याच्या झोळीत पडे. गंमत अशी, की ज्या समाजाने या नंदीला भक्तिभावाने दान दिले, त्याच समाजाने ‘नंदीबैलासारखी मान डोलावणे’ हा वाक्प्रचारही घडवला. धन्याला जे हवे तेच बोलणारा तो नंदीबैल. बैलाला भविष्य दिसते असे मानणारी आणि बैलाची नजर धन्याच्या हाताकडे असते हे ओळखणारी माणसे वेगवेगळी नव्हती. ती एकाच अंगणात, पुष्कळदा एकाच देहात, नांदत होती.

प्राण्यांना आपल्याला न कळणारे काही कळते, ही समजूत जगभर आढळते. आपल्याकडे कुत्र्याचे रडणे अशुभ मानतात, पाल चुकचुकली की बोलता बोलता थांबतात आणि पिंडाला कावळा शिवेपर्यंत ताटकळत राहतात. यांतील काही गोष्टी श्रद्धेच्या आहेत आणि शोकाच्या घडीला त्यांना प्रयोगशाळेत ओढण्यात अर्थ नाही. परंतु ‘अमुक प्राण्याला दुसऱ्याच्या मनातले कळते’ किंवा ‘अमुक प्राण्याला पुढे घडणारे आधी समजते’ असा थेट दावा जेव्हा केला जातो, तेव्हा तो तपासता येतो. गेली सव्वाशे वर्षे तो तपासला जात आहे. या तपासाची कथा दाव्यांपेक्षाही अधिक रंजक आहे.

तिचा आरंभ बर्लिनमध्ये झाला. विल्हेल्म फॉन ऑस्टेन हे गणिताचे निवृत्त शिक्षक. त्यांनी ‘हान्स’ नावाच्या घोड्याला वर्गातल्या मुलाप्रमाणे अनेक वर्षे शिकवले. बेरीज, वजाबाकी, अपूर्णांक, घड्याळातील वेळ, महिन्याची तारीख, अशा प्रश्नांची उत्तरे हान्स खुराच्या टापा देऊन सांगत असे. अक्षरांना अंक ठरवून दिल्यामुळे तो शब्दही जुळवी. ऑस्टेन प्रेक्षकांकडून पैसे घेत नसत, त्यामुळे लबाडीचा संशय घेणेही कठीण होते. ‘शहाणा हान्स’ म्हणून त्याची कीर्ती इतकी पसरली, की मानसशास्त्रज्ञ कार्ल श्टुम्फ यांच्या पुढाकाराने तेरा जणांची एक समिती नेमण्यात आली. तीत पशुवैद्य, शिक्षक, प्राणिशास्त्राचे जाणकार आणि सर्कशीचा व्यवस्थापक अशी निरनिराळ्या क्षेत्रांतील माणसे होती. सप्टेंबर 1904 मध्ये समितीने निर्वाळा दिला, की येथे कोणतीही हातचलाखी नाही. ऑस्टेन दूर असताना परक्या माणसाने विचारले तरी हान्स बरोबर उत्तर देत होता. मग उरले काय? घोडा खरोखर गणित करतो, किंवा तो विचारणाऱ्याच्या मनातले वाचतो, असे दोनच पर्याय अनेकांना दिसू लागले.

श्टुम्फ यांचे शिष्य ऑस्कर फुंग्स्ट यांनी तिसरा पर्याय शोधला आणि त्यासाठी त्यांनी एक साधा प्रश्न विचारला. ज्याला स्वतःलाच उत्तर ठाऊक नाही, अशा माणसाने प्रश्न विचारला तर काय होईल? विचारणाऱ्याला उत्तर ठाऊक असताना हान्सची 89 टक्के उत्तरे बरोबर आली. ठाऊक नसताना हेच प्रमाण 6 टक्क्यांवर घसरले. घोड्याच्या डोळ्यांना बाजूने मोठी झापडे लावली, विचारणारा नजरेआड गेला, तेव्हाही हान्स गोंधळला आणि चिडला. या प्रयोगांत त्याने फुंग्स्ट यांना चावेही घेतले. घोड्याला विद्या येत नव्हती, हे आता उघड होते. मात्र त्याला माणूस वाचता येत होता. प्रश्न विचारून झाला की विचारणारा नकळत किंचित पुढे झुकून खुराकडे पाहतो आणि हान्स टापा द्यायला सुरुवात करतो. टापांची संख्या बरोबर उत्तरापाशी पोहोचली की त्या माणसाच्या मनावरचा ताण सैल होतो, डोके केसभर वर उचलले जाते आणि हान्स थांबतो. ही हालचाल इतकी सूक्ष्म होती, की तेरा जणांच्या समितीला ती दिसली नाही आणि ती करणाऱ्यालाही तिची जाणीव नव्हती.

फुंग्स्ट एवढ्यावर थांबले नाहीत. प्रयोगशाळेत ते स्वतः घोडा झाले! समोरच्या माणसाने मनात एक संख्या धरायची आणि फुंग्स्ट यांनी हाताने टकटक करीत त्याच्या चेहऱ्याकडे पाहत थांबायचे. बहुतेकांच्या मनातील संख्या त्यांनी अशा रीतीने ओळखल्या. त्याहून महत्त्वाची गोष्ट म्हणजे सारे रहस्य कळल्यानंतरही हान्ससमोर उभे राहिल्यावर स्वतःच्या डोक्याची ती हालचाल त्यांना पूर्णपणे रोखता आली नाही. 1907 मध्ये त्यांचे पुस्तक प्रसिद्ध झाले. ऑस्टेन यांना हा निष्कर्ष मानवला नाही. ते 1909 मध्ये निवर्तले. घोडा एल्बरफेल्डच्या कार्ल क्राल नावाच्या व्यापाऱ्याकडे गेला. क्राल यांनी आणखी घोडे शिकवले आणि नोबेल पारितोषिक मिळवणारे बेल्जियन साहित्यिक मॉरिस मेटरलिंक ते पाहायला जाऊन थक्क होऊन परतले. विद्वत्ता आणि फसणे यांचे वैर नाही, हे त्यावरून दिसते.

मानसशास्त्रात आज ‘क्लेव्हर हान्स परिणाम’ ही संज्ञा रूढ आहे ती या घोड्यामुळे. प्रयोग करणाऱ्याला उत्तर ठाऊक असता कामा नये, हा दंडक औषधांच्या चाचण्यांपासून माकडांच्या भाषेवरील संशोधनापर्यंत सर्वत्र पाळावा लागतो, त्यामागची एक मोठी शिकवण बर्लिनच्या त्या फरसबंद अंगणातली आहे.

शिकवण मिळाली म्हणजे ती गिरवली जाते, असे मात्र नव्हे. अमेरिकेत व्हर्जिनिया राज्यातील रिचमंड येथे ‘लेडी वंडर’ नावाची घोडी होती. पुढ्यातील अक्षरांचे ठोकळे नाकाने ढकलून ती उत्तरे जुळवी. 1927-28 च्या सुमारास जे. बी. ऱ्हाइन आणि त्यांच्या पत्नी लुईसा यांनी तिची परीक्षा घेतली. अतींद्रिय ज्ञानाच्या अभ्यासाला विद्यापीठाच्या आवारात जागा मिळवून देणारे हेच ते ऱ्हाइन. घोडीला दुसऱ्याच्या मनातले कळते, असा निष्कर्ष त्यांनी काढला. पुढे तिची ती शक्ती ओसरली, असेही त्यांनीच नोंदवले. 1956 मध्ये मिलबर्न ख्रिस्तोफर हे जादूगार तिला भेटायला गेले. त्यांनी मालकिणीला आपले नाव ‘जॉन बँक्स’ असे खोटेच सांगितले. आपले नाव काय, असे विचारल्यावर घोडीने तेच खोटे नाव जुळवले. मग त्यांना एक संख्या कागदावर लिहायला सांगण्यात आली. त्यांनी पेन्सिल हवेत नऊचा आकडा काढल्यासारखी फिरवली, पण कागदावर टेकवली ती केवळ एकाची उभी रेघ उमटेल इतकीच. घोडीचे उत्तर आले नऊ. मन वाचणाऱ्या घोडीला एक दिसायला हवा होता. दुरून पेन्सिलची हालचाल पाहणाऱ्या माणसाला मात्र नऊच दिसणार. मालकीण घोडीला सूक्ष्म खुणा करीत होती, हे ख्रिस्तोफर यांनी दाखवून दिले. बँक्स हे नावही त्यांनी सहज निवडलेले नव्हते. शेक्सपियरच्या काळात इंग्लंडमध्ये ‘मोरोक्को’ नावाचा शहाणा घोडा नाचवणाऱ्या खेळियाचे ते नाव.

माणसाची नजरच आड येते तर माणूसच मधून काढून टाकावा, असा विचार पुढील पिढीने केला. ऱ्हाइन यांनी डरहॅम येथे स्थापन केलेल्या संस्थेत वॉल्टर लेव्ही हे तरुण डॉक्टर उंदरांवर प्रयोग करीत. उंदराच्या मेंदूतील सुखकेंद्राला विद्युतस्पंद देणारे यंत्र यदृच्छेने चालू-बंद होई. उंदराला मनोबलाने ते आपल्याकडे वळवता येते का, हे पाहायचे. नोंद यंत्रच करणार, म्हणजे माणसाच्या मानेचा प्रश्नच नाही. निकाल अनुकूल येऊ लागले. पण 1974 मध्ये सहकाऱ्यांच्या मनात शंकेची पाल चुकचुकली. लेव्ही त्या यंत्रापाशी विनाकारण घुटमळताना दिसत. सहकाऱ्यांनी गुपचूप तारांची दुसरी जोडणी करून नोंदी वेगळ्या घेतल्या. त्यांत काहीच विशेष आढळले नाही, तर अधिकृत नोंदीत उंदीर भरभरून यशस्वी! लेव्ही नोंदयंत्राची तार काढून आकडे फुगवत होते. त्यांना संस्था सोडावी लागली आणि ही हकिकत ऱ्हाइन यांनी स्वतः प्रसिद्ध केली. फसवणूक उघड करणारे लेव्हींचे सहकारी याच विषयाचे अभ्यासक होते, हे त्यांच्या श्रेयाचे म्हणून सांगितले पाहिजे.

या साऱ्या इतिहासात ज्या प्रकरणावर अजूनही दोन्ही बाजू हिरिरीने बोलतात, ते एका साध्या संकरित टेरिअर कुत्र्याचे आहे. वायव्य इंग्लंडमधील मँचेस्टरजवळच्या एका गावी राहणारा हा ‘जेटी’. मालकीण कामावरून घरी यायला निघाली, की तो खिडकीत जाऊन बसतो, असे तिच्या आईवडिलांच्या लक्षात आले. असा अनुभव आपल्यापैकी अनेकांनी सांगितलेला वा ऐकलेला असतो. जीवशास्त्रज्ञ रूपर्ट शेल्ड्रेक यांनी त्याचा पाठपुरावा केला. शंभराहून अधिक वेळा खिडकीचे सलग चित्रीकरण करण्यात आले. मालकीण किमान 7 किलोमीटर दूर जाई. काही प्रयोगांत तिने केव्हा परतायचे, हे यदृच्छेने ठरवले जाई, म्हणजे ठरावीक वेळेची सवय हे कारण उरू नये. शेल्ड्रेक यांचे आकडे असे: ती दूर असताना मुख्य काळात जेटी 4 टक्के वेळ खिडकीत होता, तर ती परतत असताना 55 टक्के वेळ.

आकडे पाहून कुणीही चमकेल. परंतु मानसशास्त्रज्ञ रिचर्ड वाइजमन आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी 1995 मध्ये याच कुत्र्यावर चार प्रयोग केले आणि 1998 मध्ये ते ‘ब्रिटिश जर्नल ऑफ सायकॉलॉजी’त प्रसिद्ध केले. त्यांनी कसोटी आधीच ठरवली होती. बाहेर कोणतेही कारण नसताना जेटी खिडकीत जाऊन बसला, तर ती त्याची खूण मानायची आणि त्याच वेळी मालकीण निघाली होती का, ते पाहायचे. चारही वेळा जेटीने खूण आधीच दिली; मालकीण तेव्हा निघालीच नव्हती. कुत्रा संध्याकाळभर पुन्हा पुन्हा खिडकीत जात होता. त्यांतील एखादी खेप मालकिणीच्या निघण्याशी जुळली, की घरच्यांच्या स्मरणात तेवढीच राहणार.

शेल्ड्रेक यांनी प्रत्युत्तर दिले, की पहिली खूण पाहून बाकीचे चित्रीकरण टाकून देणे अन्यायाचे आहे. वाइजमन यांच्याच आकड्यांचा आलेख काढला तर मालकीण परतत असताना कुत्रा खिडकीत अधिक वेळ होता, हे त्यांनी दाखवले. वाइजमन यांनी तो आकृतिबंध नाकारला नाही. त्याचा अर्थ नाकारला. मालक जितका अधिक वेळ बाहेर, तितकी कुत्र्याची वाट पाहण्याची ओढ वाढत जाणार. परतीचा काळ हा नेहमी शेवटचा काळ असतो, त्यामुळे शेवटी खिडकीतल्या फेऱ्या वाढलेल्या दिसणारच. यावर शेल्ड्रेक यांचे म्हणणे असे, की ज्या संध्याकाळी मालकीण परतणारच नव्हती, त्या संध्याकाळी अशी वाढ दिसली नाही.

आता वाचकाने काय मानावे? माझे मत विचाराल तर शेल्ड्रेक यांनी पुष्कळ कष्ट घेतले आणि वाइजमन यांची कसोटी काहीशी कडक होती, हे दोन्ही मान्य करूनही दावा सिद्ध झाला असे म्हणता येत नाही. कारण एक कुत्रा, एक घर आणि बाजू ठरलेले दोन अभ्यासक यांवर एवढी मोठी इमारत उभी राहत नाही. मनाचा संदेश काही किलोमीटर दूर पोहोचत असेल, तर भौतिकशास्त्राची पुष्कळ पाने पुन्हा लिहावी लागतील. अशा दाव्याला इतर कुत्र्यांवर, इतर शहरांत, तिऱ्हाइतांनी केलेल्या प्रयोगांचा आधार हवा. पंचवीस वर्षे उलटून गेली तरी तसा आधार उभा राहिलेला नाही.

योगायोगाचा वाटाही लहान नसतो. 2010 च्या फुटबॉल विश्वचषकात जर्मनीतील ओबरहाउझेनच्या मत्स्यालयातील ‘पॉल’ या ऑक्टोपसने आठपैकी आठ सामन्यांचे निकाल बरोबर वर्तवले. नाणे आठ वेळा उडवून आठही वेळा हवी ती बाजू पडण्याची शक्यता 256 मध्ये एक. दुर्मिळ खरी, पण त्याच स्पर्धेत किती मत्स्यालयांत, किती प्राणिसंग्रहालयांत प्राण्यांना कौल लावले गेले असतील, याचा विचार करा. सिंगापूरच्या लिटिल इंडियातील ‘मणी’ या ज्योतिषी पोपटाने उपांत्यपूर्व फेरीचे चारही निकाल अचूक सांगितले आणि अंतिम सामन्याला नेदरलँड्सची चिठ्ठी उचलली. स्पेन जिंकले. पॉलचे नाव जगाला पाठ झाले, मणी विस्मरणात गेला. वृत्तपत्राच्या उपसंपादकाने हे कबूल केलेच पाहिजे, की यात आमचाही हात असतो. हुकलेल्या भाकिताची बातमी होत नाही. अपघाताच्या आदल्या रात्री कुत्रे रडल्याचा मजकूर मेजावर येतो. कुत्रे रडले आणि दुसऱ्या दिवशी काहीच घडले नाही, असा मजकूर आजवर कुणी पाठवलेला नाही.

याचा अर्थ प्राण्यांना आपल्यापेक्षा अधिक काही कळत नाही असा मुळीच नाही. अठराव्या शतकाच्या अखेरीस इटालियन शास्त्रज्ञ लाझारो स्पालान्झानी यांनी दृष्टी घालवलेली वटवाघळे बंद खोलीत सोडली, तर ती ताणलेल्या दोऱ्या चुकवत सहज उडाली. कान बंद केल्यावर मात्र ती धडपडली. पण वटवाघूळ कानांनी पाहते, हे म्हणणे तेव्हा विद्वानांना हास्यास्पद वाटले. दीडशे वर्षांनी, 1938 मध्ये, हार्वर्ड विद्यापीठातील तरुण विद्यार्थी डोनाल्ड ग्रिफिन यांनी जॉर्ज पिअर्स यांच्या ध्वनिग्राही यंत्रासमोर वटवाघळे नेली आणि माणसाला ऐकू न येणारे त्यांचे आवाज यंत्राने पकडले. सहावे इंद्रिय वाटले, ते ऐकण्याचेच इंद्रिय निघाले. हत्ती आपल्याला ऐकू न येणाऱ्या मंद ध्वनीने एकमेकांशी बोलतात, मधमाशीला अतिनील किरण दिसतात, स्थलांतर करणाऱ्या पक्ष्यांना पृथ्वीच्या चुंबकक्षेत्राची जाण असते. हे सर्व चिकाटीने तपासल्यामुळेच कळले. ‘दैवी शक्ती’ म्हणून हात जोडले असते, किंवा ‘थोतांड’ म्हणून हात झटकले असते, तर कळले नसते.

नैसर्गिक संकटांच्या पूर्वसूचनेचा विषय या दोहोंच्या सीमेवर आहे. इटलीतील लाक्विलाच्या एप्रिल 2009 मधील भूकंपापूर्वी पाच दिवस, 74 किलोमीटर दूरच्या तळ्यातून प्रजननकाळ चालू असतानाच भेक नाहीसे झाल्याचे रेचेल ग्रँट यांनी नोंदवले. त्या तेथे वेगळ्याच कारणासाठी बेडकांचा अभ्यास करीत होत्या, म्हणून त्या नोंदीला वजन आहे. उलट 2004 च्या त्सुनामीपूर्वी श्रीलंकेतील हत्ती उंचावर पळाले, ही कथा सर्वतोमुखी झाली. परंतु तेथील दोन हत्तींच्या गळ्यात उपग्रहाशी जोडलेले पट्टे होते आणि त्यांच्या नोंदींत तसे पलायन आढळले नाही.

एवढा खटाटोप कशासाठी, असा प्रश्न पडू शकतो. कुणाला आपल्या मांजरीत सिद्धी दिसत असेल तर बिघडले कुठे? एक तर हल्ली पाळीव प्राण्याचे छायाचित्र पाठवा, त्याच्या मनातले सांगतो, असे म्हणून शुल्क घेणारे पुष्कळ झाले आहेत आणि आजारी कुत्र्याचा मालक डॉक्टरऐवजी त्यांच्याकडे गेला तर जीव त्या मुक्या प्राण्याचा जातो. दुसरे कारण अधिक गंभीर आहे. 2011 मध्ये कॅलिफोर्निया विद्यापीठाच्या डेव्हिस येथील संशोधक लिसा लिट यांनी अमली पदार्थ व स्फोटके हुंगून शोधणाऱ्या 18 श्वानपथकांची चाचणी प्रसिद्ध केली. चाचणीच्या इमारतीत ना अमली पदार्थ होते ना स्फोटके. हस्तकांना मात्र सांगितले होते, की काही ठिकाणी कागदाची खूण आहे आणि तेथे माल आहे. कुत्र्यांनी माल सापडल्याचे इशारे दिल्याच्या 225 नोंदी झाल्या. खरा आकडा शून्य असायला हवा होता. हस्तकांची अपेक्षा जेथे होती, तेथे इशारे अधिक. हान्स पुन्हा जिवंत झाला होता, फरक इतकाच की आता टापांवर एखाद्याची अटक अवलंबून होती.

आपल्या सर्वोच्च न्यायालयाला हा धोका फार पूर्वी जाणवला होता. महाराष्ट्रातून आलेल्या अब्दुल रझाक मुर्तझा दफेदार यांच्या अपिलात 1969 मध्ये निकाल देताना न्यायालयाने पोलीस श्वानाच्या मागोव्यावर घेतल्या जाणाऱ्या आक्षेपांची नोंद घेतली. कुत्रा साक्षीदाराच्या पिंजऱ्यात उभा राहू शकत नाही, त्याच्या वागण्याचा अर्थ त्याचा हस्तक सांगणार आणि माणसाचे स्वातंत्र्य श्वानाच्या अनुमानावर टांगून ठेवता येणार नाही, असे ते आक्षेप. विज्ञानाच्या तत्कालीन अवस्थेत अशा पुराव्याला सामान्यतः फारसे वजन देता येत नाही, असे न्यायालयाने म्हटले.

तरीही आपला कुत्रा फाटकाशी येऊन बसतो तो आपण पणजीहून निघाल्याचे कळल्यामुळेच, अशी ज्यांची खात्री आहे, त्यांना हे घरच्या घरी तपासता येईल. महिनाभर निघण्याची वेळ चिठ्ठी उचलून ठरवावी. कधी आपल्या गाडीने, कधी कदंब बसने, कधी मित्राच्या दुचाकीने यावे, म्हणजे ओळखीच्या इंजिनाचा आवाज हे कारण राहणार नाही. घरच्यांना फोन करू नये आणि वेळही सांगू नये; त्यांना ठाऊक असेल तर ते नकळत घड्याळाकडे, फाटकाकडे पाहतील आणि कुत्रा त्यांच्याकडे. जुना मोबाइल फाटकाच्या दिशेने चित्रीकरणाला लावून ठेवावा. कुत्रा ज्या ज्या वेळी तेथे गेला त्या प्रत्येक वेळेची नोंद करावी, वाया गेलेल्या खेपांसह. कोणत्या वागण्याला खूण म्हणायचे, हे पहिल्या दिवशीच वहीच्या पहिल्या पानावर लिहावे आणि महिना संपेपर्यंत ते पान बदलू नये. आणि नोंदी मोजण्याचे काम आपण करू नये. शेजारच्या, आपल्या कुत्र्यावर फारसे प्रेम नसलेल्या गृहस्थांना सांगावे.